अर्धी गोळी

१. वाटणी

माझी धाकटी जाऊ काल सकाळी डोंगरावर मेली, आणि आज दुपारचा चहा व्हायच्या आत तिच्या मरणाचा दोष वाटूनही झाला होता. निम्मा वाटाड्याला, निम्मा तिचा तिलाच.

वाटणी करणारा कप्तान समोर उभा होता. डोंगराच्या पायथ्याशी मुक्कामाचं एक घर आहे, त्याच्या पुढच्या खोलीत आम्ही सगळे बसलो होतो. शेगडीच्या वर दोरीला मोजे वाळत घातलेले, कोपऱ्यात बुटांचा ढीग, आणि त्या ढिगात तिचे बूट. ते बाजूला काढायला कोणी धजत नव्हतं.

“संध्याकाळी कचेरीतले साहेब जबाब घ्यायला येतील,” कप्तान म्हणाला. “सगळ्यांनी एकच सांगायचं, म्हणजे घोळ नको. वाटाड्यानं घाई केली, विश्रांतीचा दिवस दिला नाही. आणि धाकट्या वहिनींनी गोळ्या घेतल्याच नाहीत. कोणाला वाईट वाटो, खरं ते खरं.”

टेबलावर वाटाड्याचा पितळी बिल्ला पडला होता. कप्तानने तो सकाळीच काढून ठेवायला लावला होता. बिल्ला गेला की या डोंगरावर त्याला कोणी हमालीलाही उभं करणार नाही, हे खोलीतल्या प्रत्येकाला ठाऊक होतं. वाटाड्या दाराशी मान खाली घालून उभा होता. काल तो तिला पाठीला बांधून डोंगर उतरला होता आणि त्याच्या मानेवर दोरीचे वळ अजून लाल होते.

माझ्या तळपायाची आग मस्तकात गेली. माझी जाऊ पहिलीच्या वर्गावर शिकवायची. गावाला जाताना स्टँडवरून परत येऊन गॅसचं बटण बघून जाणारी बाई ती. तिच्या या चौकसपणावरून आम्ही दोघी लग्नापासून भांडत आलो. आणि हा कालचा आलेला माणूस म्हणतो, तिने गोळ्या घेतल्या नाहीत!

मी उठले आणि बिल्ला उचलून जाकिटाच्या खिशात टाकला.

“हा साहेब येईपर्यंत माझ्याकडे राहील.”

“वहिनी, भावनेच्या भरात काही करू नका,” कप्तान म्हणाला. “आणि तुम्हाला कशावरून वाटतं, गोळ्या घेतल्या म्हणून?”

“कारण प्रत्येक गोळी तिने माझ्यासमोर गिळली,” मी म्हटलं. “आता मला सांगा, हे तुम्हाला ठाऊक नसताना तुम्ही उलटं इतक्या खात्रीने कशाच्या जोरावर बोलता?”

२. वर काय झालं

मी निवृत्त फौजदार आहे. घरात मला सगळे चेष्टेने ‘फौजदारीणबाई’ म्हणतात आणि मीठ कमी पडलं तरी तपास माझ्याकडे देतात. आज चेष्टा नव्हती. वर काय काय झालं ते आधी सांगते, म्हणजे माझ्याकडे जेवढं होतं तेवढं तुमच्याकडेही असेल.

आम्ही पाच जण होतो. मी, जाऊ, तिचा नवरा म्हणजे माझा दीर, दातांची एक डॉक्टरीणबाई, आणि कप्तान. सहावा वाटाड्या. बेत छोटा होता. खिंडीपर्यंत चढायचं, पलीकडचे बर्फाचे डोंगर बघायचे आणि सुट्टी संपायच्या आत परत. मंडळी जमवली कप्तानने. शहरात तो श्वासाचे वर्ग घेतो. औषधाशिवाय कितीही उंची चढता येते, फक्त श्वास ताब्यात पाहिजे, असं त्याचं सांगणं. त्याच्या छातीवर शिट्टी आणि गळ्यात अडकवलेलं पाकीट, कमरेला चाकू आणि तोंडात उपदेश कायम असायचा.

पायथ्याशी डॉक्टरीणबाईंनी स्वतःसकट आम्हा चौघांना उंची बाधू नये म्हणून गोळ्या दिल्या. अर्धी सकाळी, अर्धी संध्याकाळी. आमच्यासमोर बसून त्यांनी प्रत्येक गोळी मधल्या रेषेवर नखाने मोडली आणि अर्धुकं चार पत्र्याच्या डब्यांत भरली. डब्या सारख्याच होत्या, म्हणून जाऊने लगेच आपल्या डबीला लाल दोरा बांधला. गोळ्यांचे गुणदोष ऐकायला कप्तान थांबलाच नाही. “कुबड्यांची माहिती मला कशाला?” म्हणून बाहेर निघून गेला.

मी विसरभोळी. त्यामुळे आम्हा जावांचा नेम ठरला होता. ती म्हणायची, “जाऊबाई, गोळी,” आणि दोघी एकमेकींकडे बघत गिळायचो. लहान पोरं शर्यत लावतात तसं.

कप्तानचाही एक नेम होता. मुक्कामावर पोचलं की मौन. त्याआधी फोन, घड्याळं, चष्मे, औषधं, खिशातलं सगळं एका पिशवीत टाकून त्याच्या स्वाधीन करायचं आणि डोळे मिटून श्वास मोजत बसायचं. “वस्तू सोडल्याशिवाय उंची धरत नाही,” म्हणे. आम्ही बसायचो आणि तो आमच्या मागून फिरत पाठी ताठ करायचा.

पहिला मुक्काम पार पडला. दुसऱ्या मुक्कामाच्या अलीकडे दगडी टपरीत एक म्हातारी सोड्याच्या बाटल्या विकत होती. आम्ही हावरटासारख्या घेतल्या. मी घोट घेतला आणि तोंड वाकडं केलं. मचूळ, पत्रा चाटल्यासारखा. दिराने एक घोट घेऊन बाटली तशीच ठेवली. डॉक्टरीणबाईंनी दोन घोटांत नाद सोडला. कप्तानने तर चूळ भरून टाकली आणि म्हातारीवर ओरडला, “गॅस गेलेला माल गळ्यात मारता?” ती बिचारी गांगरली.

जाऊ मात्र खूश! “अहो, किती झणझणीत आहे! नाकात गेला बघा!” असं म्हणत तिने स्वतःची बाटली संपवली, मग माझी. “तुमच्याच जिभा बिघडल्यात.” वाटाड्यानेही आपली संपवून मोठा ढेकर दिला. तो तिथलाच, त्याला गोळ्याबिळ्या लागत नाहीत.

चढावर ती सगळ्यांच्या पुढे असायची, पोरांची गाणी म्हणत. काल सकाळी वरच्या मुक्कामावर ती बुटाची नाडी बांधायला बसली आणि हसायला लागली. “जाऊबाई, बोटं ऐकत नाहीत माझं.” उठली ती झोकांडी खाऊन पडली. वाटाड्याने ते पाहिलं आणि हातातली किटली टाकून धावला. “खाली! आत्ताच्या आत्ता खाली!” डॉक्टरीणबाईंनी पेटीतलं इंजेक्शन दिलं. त्याने तिला पाठीवर घेतलं. दीर, डॉक्टरीणबाई आणि मी मागून धावत होतो.

“तुम्ही उतरा,” कप्तान म्हणाला. “मी मागचं आवरून येतो.”

टपरीशी पोचेपर्यंत ती गेली. त्या म्हातारीने आतून आपली चादर आणून दिली.

कप्तान दुपारी उतरला. मागचं आवरायला त्याला एवढा वेळ का लागला, ते त्याच्या फोनमध्ये होतं. खिंडीत झेंडा धरून त्याने फोटो काढला होता.

३. खडकामागे

वाटाड्या मागच्या अंगणात बादलीत दोर धूत होता. मी उलट्या टोपलीवर बसले.

“खरं सांग. मी रागावणार नाही.”

“बाई, तुम्ही आत्ताच रागावलाय.”

“तुझ्यावर नाही रे बाबा.”

त्याने हात पुसले. “विश्रांतीचा दिवस मीच मागितला होता. दुसऱ्या मुक्कामावर. कप्तानसाहेब म्हणाले, लोकांची सुट्टी तुझा बाप वाढवून देणार का? तुमच्या दिरांनी ऐकलंय ते.”

“मग आता बोलत का नाहीस?”

“मी बोललो काय, नाही बोललो काय. बाई माझ्या पाठीवर गेल्या.” तो दोर पिळायला लागला. “मी रोज संध्याकाळी प्रत्येकाला विचारायचो, डोकं दुखतं का. ती पहिली खूण. डोकं दुखायला लागलं की मी पुढं नेत नाही, कोणी का असेना. बाईंचं कधीच दुखलं नाही. एकदाही नाही. थेट झोकांडीच गेली. असं मी बघितलेलं नाही.”

“आणि बाकी कोणाला काही?”

त्याने दाराकडे पाहिलं. “पहिल्या मुक्कामावर, तुमचं ते मौन सुरू व्हायच्या आधी, मोठ्या खडकामागं कोणीतरी ओकलं होतं. माती लोटून झाकलेलं. मी एकेकाला बाजूला घेऊन विचारलं. सगळे म्हणाले, मी नाही. मी ठरवलं, सकाळी ज्याचं तोंड उतरलेलं दिसेल त्याला परत पाठवायचं. पण सकाळी बघतो तर सगळे टुणटुणीत.”

“सगळे?”

“सगळे. रात्रभर तंबूच्या चेनी तेवढ्या उघडझाप करत होत्या. लघवीला. गोळ्या घेणाऱ्यांचं तसं होतंच. तुमची, डॉक्टरीणबाईंची, दिरांची, कप्तानसाहेबांची चेन. बाई मात्र गाढ झोपलेल्या.”

आपण काय बोललो ते त्याच्या लक्षात आलेलं नव्हतं, आणि मलाही ते अर्धवटच लागलं होतं.

४. डॉक्टरीणबाईंची भीती

डॉक्टरीणबाई वरच्या खोलीत खाटेवर बसल्या होत्या, पिशवी मांडीवर घट्ट धरून. मला बघून त्या रडायलाच लागल्या.

“माझ्याच हातून चूक झाली असणार. मी दातांची डॉक्टर, हृदयाची नाही की मेंदूची नाही. चुकून दुसऱ्याच गोळ्या भरल्या असतील तिच्या डबीत.”

“चारही डब्या तुम्ही एकाच पट्टीवरून भरल्यात. मी बघत होते.”

“पण मग तिला लागू का पडल्या नाहीत? आपल्याला तिघांनाही लागू पडल्या. बोटांना मुंग्या येतात का विचारलं तर तुम्ही दोघं हो म्हणालात. ती म्हणाली, मला कुठल्या मुंग्या? मी हसण्यावारी नेलं हो!”

कप्तानने नेमकं हेच पकडलं असणार. मुंग्या नाहीत, म्हणजे गोळ्या घेतल्या नाहीत. बाहेरून बघणाऱ्याला पटावं असंच होतं. पण मी आतली होते. ती गिळताना मी पाहिलं होतं. गिळली, हेही खरं. लागू पडली नाही, हेही खरं. मग तिने जे गिळलं ते औषध नव्हतं. यात फौजदारकी नाही, साधी वजाबाकी आहे.

“या गोळ्यांनी आणखी काय काय होतं?” मी विचारलं.

“मुंग्या. लघवी. आणि एक गंमत...” त्यांनी डोळे पुसले. “गंमत म्हणू नये आता. सोड्याची चव जाते, गोळी थांबवल्यावरही दिवस-दीड दिवस. कितीही ताजा असला तरी मचूळ लागतो. त्या टपरीवर माझ्या डोक्यात आलंच नाही. काल खाली आल्यावर आठवलं. उगाच सगळ्यांनी त्या म्हातारीला नावं ठेवली.”

डोळ्यांसमोर ती टपरी आली. कोणी बाटली ठेवली, कोणी संपवली, कोण ओरडलं, एकेक तोंड.

“बाई,” मी म्हटलं, “हे कोणाजवळ बोललात?”

“नाही. का?”

“आणखी तासभर बोलू नका.”

५. लाल दोरा

एवढ्यावर माणसाला फासावर चढवता येत नाही. मला डबी पाहिजे होती, आणि डबी दिराकडे होती. कालपासून त्याने ती मुठीतून सोडली नव्हती.

तो जिन्याच्या पायरीवर बसला होता. मी शेजारी बसले तसा सरकला.

“तुम्हीच तिला घेऊन आलात, वहिनी.”

“हो.”

“मला यायचंच नव्हतं. मी तिला म्हटलंही, तुला कशाला पाहिजे असली थेरं. तर म्हणाली, जाऊबाई जातायत तर मीही जाणार, घरी त्यांनी मला आयुष्यभर ऐकवलं तर?” त्याने मूठ आणखी आवळली. “आणि तो म्हणतो, तिनं गोळ्या घेतल्या नाहीत. घेतल्या नसतील तर मला कसं कळलं नाही? मी तिच्याच तंबूत होतो ना?”

“घेतल्या तिने. मला डबी दे.”

त्याने मूठ उघडली. डबीच्या कडांचे वण तळहातावर उमटले होते.

मी माझी डबी काढली आणि दोन्ही पायरीवर उघडून ठेवल्या. माझी अर्धुकं एका बाजूने सरळ, नखाने रेषेवर मोडलेली. तिची अर्धुकं जरा मोठी होती. कापलेली बाजू खडबडीत, चुरा झालेला. चाकूने दाबून केलेली. मी डॉक्टरीणबाईंना खाली बोलावलं. त्यांनी एक तुकडा उचलला, उजेडात धरला आणि जिभेला लावला.

“ही डोकेदुखीची गोळी आहे. दात काढल्यावर मी रोज हीच देते. डोळे झाकून ओळखेन.”

“उंचीवर हिनं काय होईल?”

“काही वाईट नाही. फक्त... डोकं दुखत असेल तर कळणार नाही.”

आता मला वाटाड्याचं कोडं सुटलं. त्याची पहिली खूण कोणीतरी पुसून टाकली होती. तो रोज डोळ्यांत तेल घालून विचारत होता, आणि ती रोज खरं उत्तर देत होती, नाही दुखत. औषध काढून घेतलं ते घेतलं, वर धोक्याची घंटाही बांधून ठेवली.

दीर उठला. त्याचा चेहरा बघून मी त्याची बाही धरली. “कोण?” तो म्हणाला. “वहिनी, कोण ते सांगा फक्त.”

“चाकूने पाव सगळ्यांनीच कापलाय. चाकूवरून कोणी ठरत नाही. बस इथे.” खिडकीतून अंगणात गाडी थांबताना दिसली. कचेरीतले साहेब आले होते. “आणि बाई, घरवाल्यांना सांगा, सोड्याच्या बाटल्या पाठवा. सील न फोडलेल्या. सगळ्यांसाठी.”

६. सोडा

साहेब जाडजूड, दमलेले, आणि लवकर परत जायच्या घाईतले होते. कप्तान त्यांच्या शेजारी बसून घडाघडा बोलत होता. वाटाड्याची घाई, गोळ्यांची हेळसांड, स्वतःचा अनुभव. बोलताना मान अशी हलवत होता की वाटावं, दुःख त्यालाच सगळ्यांत जास्त झालंय.

“तुम्ही स्वतः गोळ्या घेतल्यात का?” मी मध्येच विचारलं.

“मी?” तो हसला. “साहेब, मी माझ्या वर्गात शिकवतो ते हेच. आयुष्यात उंचीसाठी गोळी तोंडात घातलेली नाही. या शरीरात फक्त श्वास आहे.”

“हे तुमच्या जबाबात येऊ द्या,” मी साहेबांना म्हटलं. त्यांनी लिहून घेतलं.

घरवाल्याने बाटल्या आणल्या. साहेबांसमोर सील फोडलं, फसफसून फेस वर आला. दमलेल्या माणसाला सोडा आवडतोच, साहेबांनी अर्धी बाटली एका दमात संपवली आणि तृप्त डोळे मिटले. वाटाड्याने भिंतीशी उभ्याने घेतला. मी, दीर आणि डॉक्टरीणबाईंनी एकेक घोट घेतला आणि गप्प बसलो.

कप्तानने घोट घेतला आणि बाटली टेबलावर आदळली.

“इथंही तेच! गॅस गेलेला माल. या डोंगरावर सगळे लुटारू बसलेत.”

“काय झालं?” साहेब म्हणाले. “चांगला सणसणीत आहे की.”

“मचूळ आहे, साहेब. चव बघा.”

साहेबांनी त्याचीच बाटली घेतली, चव घेतली, खांदे उडवले आणि वाटाड्याकडे दिली. वाटाड्या प्यायला. “झकास आहे.”

“डॉक्टरीणबाई,” मी म्हटलं, “आता बोला.”

त्या बोलल्या. या खोलीत सोडा कोणाला मचूळ लागेल आणि का. मग मी पुढचं सांगितलं. पहिल्या मुक्कामावर खडकामागे कोण ओकलं, कोणी माती लोटली. मौनाच्या वेळी आमच्या डब्या कोणाच्या पिशवीत होत्या आणि डोळे उघडे कोणाचे होते. दुसऱ्या दिवशी टुणटुणीत कोण झालं. टपरीवर सोडा मचूळ लागलेले चार होते, गोळ्या घेणारेही चारच असायला हवे होते. पण लाल दोऱ्याची डबी असलेली बाई मिटक्या मारत प्यायली आणि गोळ्यांना कुबड्या म्हणणारा थुंकला. चौथ्या माणसाच्या गोळ्या पाचव्याच्या पोटात गेल्या होत्या.

“मूर्खपणा!” कप्तान म्हणाला. “सोड्यावरून माणसाला खुनी ठरवता?”

“नाही. पाकिटावरून ठरवू. छातीवरचं पाकीट काढा.”

त्याचा हात आपोआप पाकिटावर गेला. साहेबांची घाई आता संपली होती. “काढा,” ते म्हणाले.

पाकिटात डोकेदुखीच्या गोळ्यांची अर्धी रिकामी पट्टी होती. आणि कागदात गुंडाळलेली उरलीसुरली अर्धुकं. एका बाजूने सरळ, नखाने रेषेवर मोडलेली.

कप्तान खाली बसला. शिट्टी पोटावर लोंबत होती.

“मला पहिल्याच मुक्कामाला उंची बाधली,” तो म्हणाला. “डोकं फुटत होतं. मी उतरलो असतो तर संपलंच होतं. वर्ग, नाव, सगळं. मला कोणाचं वाईट करायचं नव्हतं. डबी रिकामी दिसली असती म्हणून ते तुकडे टाकले. ती सगळ्यांच्या पुढं चालत होती, गाणी म्हणत. मला वाटलं, हिला गरजच नाही.”

“आणि ती पडली तेव्हा?” मी म्हटलं. माझा आवाज चढला होता आणि मला तो उतरवायचाही नव्हता. “ती नाडी बांधता येत नाही म्हणून हसली, तेव्हा तुला कळलं होतं. आम्हा सगळ्यांत तुला एकट्याला कळलं होतं! एक शब्द बोलला असतास तर डॉक्टरीणबाईंनी तिथल्या तिथे खऱ्या गोळ्या दिल्या असत्या. वाचली असती की नाही, देव जाणे. तू काय केलंस? तिच्या गोळ्यांवर खिंडीत गेलास आणि फोटो काढलास. आणि खाली येऊन तिलाच निष्काळजी ठरवलंस. आणि ज्याने तिला पाठीवर आणलं त्याचा बिल्ला काढून घेतलास!”

“अर्धी गोळी होती हो,” तो पुटपुटला. “अर्ध्या अर्ध्या गोळ्या.”

तेव्हा डॉक्टरीणबाईंनी मांडीवरची पिशवी उघडली. कालपासून त्या ती का कवटाळून बसल्या होत्या, ते मला त्या क्षणी कळलं. त्यांनी आतून गोळ्यांची एक अख्खी पट्टी काढली, न फोडलेली, आणि त्याच्यासमोर टेबलावर ठेवली.

“ही जादा आणली होती,” त्या म्हणाल्या. “कोणाची हरवली तर असावी म्हणून. तुम्ही नुसतं मागायचं होतं.”

दीर त्याच्या अंगावर धावून गेला नाही. मला भीती होती, पण तो गेला नाही. तो बुटांच्या ढिगाशी गेला, तिचे बूट काढले, नाड्या एकमेकींत बांधल्या आणि गळ्यात अडकवले. साहेबांनी कप्तानला आपल्या गाडीत घातलं. मी खिशातून बिल्ला काढून वाटाड्याच्या हातात दिला. त्याने तो लावला नाही, नुसता पुसून खिशात ठेवला. “बाईंना घेऊन खाली कोण जाणार?” त्याने विचारलं. “मीच येतो. मी आणलंय त्यांना इथवर.”

परतीच्या वाटेवर, दुसऱ्या दिवशी, गाडी एका दुकानाशी थांबली. दीर आणि मी ओट्यावर बसलो. दिराने काय मागवलं ते त्याचं त्यालाही कळलं नसावं. दोन बाटल्या सोडा आला. टाकून द्यावा असं मनात आलं, पण घसा वाळला होता. मी घोट घेतला.

सणसणीत होता. गोळी अंगातून उतरली होती, आणि जिभेवर, टाळूवर, सगळीकडे तो फुटत गेला. राग तेवढा तसाच होता, छातीत, काल होता तिथेच. वरून तिचं हसणं ऐकू आलं, नाकात गेला बघा.

“वहिनी,” दीर म्हणाला, “रडताय?”

“नाही रे,” मी म्हटलं. “सोडा नाकात गेला.”